कॅमेऱ्याला शेवट लागतो

व्हिन्सेंट व्हॅन गॉगचं कावळ्यांचं चित्र पडद्यावर मावत नाही. ‘गव्हाचं शेत आणि कावळे’ हे चित्र ५०.५ सेंटिमीटर उंच आणि १०३ सेंटिमीटर रुंद आहे, म्हणजे रुंदी उंचीच्या दुपटीहून किंचित जास्तच. जुन्या चित्रपटांची चौकट जवळजवळ चारास तीन, हल्लीच्या टीव्हीची सोळास नऊ. दोन्हीकडे हे चित्र अख्खं दाखवायचं तर वर-खाली काळे पट्टे सोडावे लागतात आणि चित्र केविलवाणं लहान दिसतं. पट्टे नको असतील तर डाव्या-उजव्या कडा कापायच्या. माहितीपट करणाऱ्याला यातलं काहीच रुचत नाही. मग तो कॅमेरा सरकवतो. एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत, शेताच्या कडेकडेनं, त्या लाल-हिरव्या वाटेवरून, कावळ्यांच्या मागोमाग. आणि तिथेच घोळ होतो. जे सगळं एकदम समोर होतं, त्याला आता ‘आधी’ आणि ‘नंतर’ मिळालं. कावळे कुठून तरी येतायत असं वाटू लागलं. वाट कुठे तरी जाऊन संपू लागली.

मी एका कला महाविद्यालयात कलेचा इतिहास शिकवते. आमच्या बहुतेक मुलांनी एकोणिसाव्या शतकातलं युरोपीय तैलचित्र प्रत्यक्ष पाहिलेलं नसतं, आणि त्यातल्या अनेकांना पुढेही ते पाहायला मिळेलच असं नाही. कुर्बे, मिले, माने, देगा हे सगळे त्यांना प्रोजेक्टरच्या उजेडात भेटतात, किंवा मोबाइलवर. आमच्यासाठी माहितीपट हेच संग्रहालय. त्यामुळे हे माहितीपट कोण करतं, चित्रासमोर उभं राहून कोण बोलतं आणि तो इसम बोलत असताना कॅमेरा नेमका कुठे असतो, याची मला सवयीनं चौकशी लागून राहिली आहे.

वर्गात सुरुवात मी एका जुन्या लघुपटानं करते. अलँ रेने या फ्रेंच दिग्दर्शकाचा ‘व्हॅन गॉग’, १९४८ सालचा. रेने तेव्हा पंचविशीच्या आसपासचा, नाव नसलेला. त्याच्यासोबत रोबेर एसेन्स आणि गास्तों दील. यातले दील हे कलासमीक्षक आणि कलेतिहासाचे माणूस. आधी त्यांनी ही फिल्म १६ मिलिमीटरवर केली. पिएर ब्रोनबेर्झे या निर्मात्यानं ती पाहिली आणि ३५ मिलिमीटरवर पुन्हा करून घेतली. १९५० मध्ये तिला लघुपटाचं ऑस्कर मिळालं. वीसेक मिनिटांची फिल्म, आणि काळी-पांढरी. व्हॅन गॉग, तोही काळा-पांढरा! हे सांगितलं की मुलं हसतात. पण दोन-तीन मिनिटांत हसू थांबतं. पिवळा गेला, निळा गेला, की उरतो तो कुंचल्याचा फटकारा. आकाश कसं वळवळतंय, सायप्रसची झाडं कशी पेटल्यासारखी वर चढतायत, हे रंग असताना आपण इतकं निरखून पाहत नाही.

या फिल्ममध्ये नट नाही, खरं गाव नाही, खरं शेत नाही. फक्त चित्रं. पण ती एकामागून एक मांडलेली नाहीत. ती सगळी मिळून जणू एकच मुलूख आहे अशा थाटात कॅमेरा हिंडतो. आर्ल गावातल्या पिवळ्या घराच्या चित्राजवळ जातो, खिडकीजवळ सरकतो, आणि पुढच्या क्षणी आपण झोपायच्या खोलीच्या चित्रात असतो. खिडकीतून घरात शिरलो की हो आपण! आंद्रे बाझँ या समीक्षकाला हे फार आवडलं. चित्राची चौकट नजरेला आत ओढते आणि पडद्याची कड मात्र जगाचा विस्तार फक्त झाकते, पलीकडे जग चालूच असतं, असं त्यानं या निमित्तानं लिहिलं. चित्रांवरच्या अशा चित्रपटांनी चौकटच पुसून टाकली म्हणून चित्रकार आणि जाणकार तेव्हा रागावले होते. बाझँचं म्हणणं, यातून तिसरंच काही जन्माला येतंय, त्याला जगू द्या.

मी बाझँच्या बाजूची. तरी एक गोष्ट मला खुपते. या फिल्ममध्ये चित्रं साक्षीदारासारखी उभी केली आहेत. हॉलंडमधली अंधारी चित्रं म्हणजे त्याचं तरुणपणचं दुःख, पॅरिस म्हणजे मोकळीक, आर्ल म्हणजे ऊन आणि मग वेड. चित्रकाराच्या आयुष्यात जे घडलं त्याची साक्ष चित्रानं द्यायची. खुर्चीचं चित्र कधी नुसतं खुर्चीचं राहत नाही. अर्थात यात कॅमेऱ्याला एकट्याला दोष देता येणार नाही. कलेतिहास नावाची विद्याच मुळात चरित्रांतून सुरू झाली. वझारीनं १५५० मध्ये इटालियन चित्रकारांची चरित्रं छापली आणि तेव्हापासून आम्ही सगळे चित्राकडे पाहता पाहता चित्रकाराच्या घरात डोकावत आलो आहोत.

याच्या अगदी उलट टोकाला केनेथ क्लार्क. हा माणूस तिशीत लंडनच्या नॅशनल गॅलरीचा संचालक झाला, १९३४ मध्ये. पुढे युद्ध आलं. बॉम्बपासून वाचवण्यासाठी गॅलरीतली चित्रं हलवली गेली आणि अखेर वेल्समधल्या मॅनॉडच्या पाटीच्या दगडाच्या खाणीत ठेवली गेली. लंडनमधल्या भिंती मोकळ्या. तेव्हा १९४२ पासून दर महिन्याला खाणीतून एकच चित्र लंडनला आणून मांडायची पद्धत सुरू झाली. सायरन वाजणाऱ्या त्या शहरात लोक एक चित्र बघायला येत. एवढ्या मोठ्या इमारतीत एकच चित्र! मला या माणसाच्या साऱ्या कारकिर्दीत हीच गोष्ट सगळ्यात मोठी वाटते, आणि तिच्यात कॅमेरा नव्हता.

क्लार्कची जगभर ओळख झाली ती १९६९ मधल्या ‘सिव्हिलायझेशन’ या मालिकेमुळे. बीबीसी टू वाहिनीवर रंगीत प्रक्षेपण १९६७ मध्ये सुरू झालं होतं, आणि या नव्या रंगाला साजेसं काही करावं या विचारानं वाहिनीच्या तेव्हाच्या प्रमुखानं क्लार्कला गाठलं. हे प्रमुख म्हणजे डेव्हिड अ‍ॅटनबरो. हो, तेच, आपण ज्यांना पक्ष्या-प्राण्यांमुळे ओळखतो ते. तेरा भाग झाले. सूट घातलेला, दातांची ठेवण जरा पुढे असलेला, खानदानी इंग्रजी बोलणारा एक गृहस्थ चर्चच्या पायऱ्यांवर, नदीच्या काठी उभा राहून युरोपची गोष्ट सांगतो. नंतर १९७३ मध्ये त्यानं खास एकोणिसाव्या शतकाच्या आसपासच्या चित्रकारांवर मालिका केली, ‘द रोमँटिक रिबेलियन’. तीत दाविद, गोया, अँग्र, जेरिको, देलाक्रुआ, टर्नर, कॉन्स्टेबल, मिले. ही फार कमी लोकांनी पाहिली आहे. मला ती पहिल्या मालिकेपेक्षा बरी वाटते, कारण संस्कृतीचं ओझं डोक्यावर नसल्यामुळे क्लार्क इथे चित्राजवळ जास्त वेळ थांबतो. एखाद्या चित्राची रचना कशी उभी राहिली हे सांगताना त्याचा आवाज शिक्षकासारखा होतो, आणि शिक्षकाचा आवाज मला कळतो.

त्याच्या अंगी एक गुण होता. बोलायचं थांबता येत असे. आजच्या माहितीपटांत हे जवळजवळ संपलं आहे. संगीत, निवेदन, तज्ज्ञांच्या मुलाखती, ड्रोनमधून दिसणारं गाव, पुन्हा संगीत. चित्र चार सेकंदांवर टिकत नाही. आणि जे टिकतं तेही बहुतेकदा नीट उजेडात नसतं. तैलचित्रावर दोन्ही बाजूंनी सारखा प्रकाश टाकला की चमक जाते, पण त्याबरोबर रंगाचा थरही सपाट होतो. व्हॅन गॉगचा रंग तर कॅनव्हासवरून वर उठून आलेला असतो. एका बाजूनं तिरका प्रकाश टाकला की फटकाऱ्याच्या कडेला सावली पडते आणि हात कुठून कुठे फिरला ते दिसतं. कुठला प्रकाश टाकायचा हा निर्णय तांत्रिक वाटतो, पण चित्राबद्दल काय सांगायचं आहे ते त्यातच ठरतं. ज्या माहितीपटात इतिहासकार छायाचित्रकाराशी यावरून भांडलेला असतो, तो लगेच ओळखू येतो.

रंगाचं तर विचारूच नका. आर्लच्या झोपायच्या खोलीबद्दल व्हिन्सेंटनं १८८८ च्या ऑक्टोबरात थिओला, म्हणजे धाकट्या भावाला, लिहिलं की भिंती फिक्या जांभळ्या आहेत. माहितीपटात निवेदक हे पत्र भावपूर्ण आवाजात वाचतो, आणि पडद्यावर भिंती निळ्या. वर्गात एका मुलीनं हे पकडलं. “मॅडम, हा चुकीचं वाचतोय का?” चुकीचं वाचत नव्हता. व्हिन्सेंटनं वापरलेले काही लाल रंग उजेडानं उडून जाणारे होते. जांभळ्यातला लाल गेला, निळा उरला. न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन संग्रहालयातली त्याची १८९० मधली पांढरी गुलाबं मुळात गुलाबी होती. तेव्हा रेनेची काळी-पांढरी फिल्म खोटी आणि आजचं झगझगीत रिझोल्यूशन खरं, असं म्हणायची सोय नाही. दोघांनाही १८८८ ची भिंत दिसलेली नाही.

आता पुन्हा कावळ्यांकडे येते, कारण माझं खरं म्हणणं तिथे अडकलं आहे.

१९७२ मध्ये क्लार्कच्या मालिकेला जणू उत्तर म्हणून जॉन बर्जर या इंग्रज कलासमीक्षकानं ‘वेज ऑफ सीइंग’ केली. चारच भाग, फाटक्या बजेटचे. बर्जर छापील शर्टात उभा राहतो आणि चित्रं, कॅमेरा, छपाई, पैसा यांच्याबद्दल आपल्याला सावध करतो. मी काय दाखवतोय यावरही संशय घ्या, असंच त्याचं सांगणं. त्याच नावाच्या पुस्तकात कावळ्यांच्या चित्राचा एक प्रयोग आहे. आधी तो नुसतं चित्र दाखवतो: हे शेत आहे, यातून पक्षी उडतायत, जरा बघा. मग पान उलटलं की तेच चित्र, खाली ओळ: आत्महत्या करण्यापूर्वी व्हॅन गॉगनं काढलेलं हे शेवटचं चित्र. बर्जरचं म्हणणं असं की या ओळीनं चित्र बदललं. आता चित्र त्या वाक्याची सजावट झालं आहे.

काय नेमका प्रयोग आहे! वर्गात दर वर्षी करते आणि दर वर्षी चालतो. चेहरे बदलतात. ज्या मुलाला क्षणापूर्वी पिकातला वारा दिसत होता, त्याला आता वादळ दिसतं.

आणि गंमत अशी की ती ओळच खरी नाही.

हे चित्र १८९० च्या जुलैच्या साधारण १० तारखेच्या आसपासचं. व्हिन्सेंटनं स्वतःवर गोळी झाडली २७ जुलैला, गेला २९ ला. मधल्या दिवसांत तो रंगवतच होता. पॅरिसजवळच्या ऑव्हेर गावी तो सगळा मिळून सत्तर दिवस राहिला आणि तेवढ्यात सत्तरहून अधिक चित्रं केली. १४ जुलैच्या राष्ट्रीय सणाला पताका लावलेली गावातली नगरपालिकेची इमारत त्यानं रंगवली, ती या कावळ्यांच्या नंतरची मानतात. पताका! पण पताकांवर कुठला माहितीपट संपणार? भावाला लिहिलेल्या पत्रात त्यानं म्हटलं आहे की अस्वस्थ आकाशाखालची अफाट शेतं रंगवतोय, त्यातून दुःख आणि कमालीचा एकाकीपणा व्यक्त करायचा आहे. हे वाक्य मी असंख्य निवेदनांत ऐकलं आहे. त्याच पत्रात पुढे तो म्हणतो की गावाकडच्या या जगात जे निरोगी आणि बळ देणारं आहे, तेही या चित्रांतून तुम्हाला कळेल. हे दुसरं वाक्य मी पाहिलेल्या माहितीपटांत क्वचितच शिल्लक राहतं. पहिल्याला पार्श्वसंगीत लावता येतं.

कावळ्यांना शेवटची जागा मिळाली ती एका माणसामुळे नव्हे. आयर्विंग स्टोनची व्हिन्सेंटच्या आयुष्यावरची कादंबरी, तिच्यावरचा १९५६ चा हॉलिवूडपट. त्यात कर्क डग्लस अंगावर येणाऱ्या कावळ्यांना हाकलत हे चित्र रंगवतो आणि त्याच दृश्यात पिस्तूल झाडतो. आपल्याकडच्या माझ्या पिढीतल्या अनेकांची व्हिन्सेंटशी ओळख याच कादंबरीतून झाली. आणि २००६ मध्ये सायमन शामा या इतिहासाच्या आणि कलेतिहासाच्या प्राध्यापकानं ‘पॉवर ऑफ आर्ट’ मालिकेत आठ कलावंतांची एकेक कलाकृती निवडली, तेव्हा व्हॅन गॉगसाठी कावळेच निवडले. शामा उत्तम बोलतो, मला त्याचा हेवा वाटतो. पण तो बोलत असताना मध्येमध्ये अँडी सर्किस हा नट व्हिन्सेंट होऊन समोर येतो, आणि मग चित्राकडे बघायला कुणाला फुरसत आहे?

कादंबरीला, सिनेमाला, माहितीपटाला शेवट लागतो. नव्वद मिनिटं संपणार आहेत, काहीतरी मिटायला हवं. चित्राचं असं काही नसतं. कावळ्यांचं चित्र काढून झाल्यावर त्यानं ते बाजूला वाळत ठेवलं आणि दुसरा कॅनव्हास घेतला, इतकंच.

हा रोग काही युरोपचाच नाही. कोल्हापूरच्या अबालाल रहिमानांबद्दल सांगतात ते आठवा. जे. जे. मध्ये शिकलेला, शाहू महाराजांच्या आश्रयातला हा चित्रकार. महाराज १९२२ मध्ये गेले आणि शोकाच्या भरात अबालालनी आपली चित्रं पाण्यात बुडवली, अशी कथा आहे. कोल्हापुरात कुणालाही विचारा, ही कथा हमखास ऐकवतील, आणि निसर्गचित्रांत त्यांनी उजेड कसा हाताळला याबद्दल मात्र दोन वाक्यं मिळायची मारामार. उद्या कुणी त्यांच्यावर फिल्म केली तर ती पाण्यावर तरंगणाऱ्या कागदांनी संपेल, पैज लावते. पण अबालाल वारले १९३१ मध्ये. मधली नऊ वर्षं हा माणूस काय करत होता? सकाळी उठून कुठल्या रस्त्यानं जात होता, काही काढत होता की नव्हता? दंतकथेला ही नऊ वर्षं नकोच आहेत. रवि वर्म्याचंही तसंच. रणजित देसाईंच्या कादंबरीनं मराठी घरात त्याला नायक केलं, ते छानच झालं. पण मळवलीच्या छापखान्यात शिळेवर चित्र कसं उतरवत, एकेका रंगासाठी वेगळी शिळा कशी लागे, छापताना त्या एकमेकींशी कशा जुळवत, यावर कुणी तासभर कॅमेरा रोखला तर मी दोनदा पाहीन.

मग व्हिन्सेंटचं खरं शेवटचं चित्र कुठलं? थिओचा मेहुणा आंद्रीस बोंगर यानं लिहून ठेवलं होतं की मृत्यूच्या आदल्या सकाळी, म्हणजे गोळी झाडली त्या दिवशी, व्हिन्सेंटनं झाडीच्या आतल्या भागाचं एक चित्र काढलं होतं, उन्हानं आणि जिवंतपणानं भरलेलं. २०१२ मध्ये अ‍ॅमस्टरडॅमच्या व्हॅन गॉग संग्रहालयाचे लुई व्हॅन टिलबोर्ग आणि वृक्षांचे जाणकार बर्ट माएस यांनी ते चित्र म्हणजे ‘झाडांची मुळं’ असं मांडलं. २०२० मध्ये टाळेबंदीत घरी अडकलेले अभ्यासक वाउटर व्हॅन डर व्हेन ऑव्हेरची जुनी पोस्टकार्डं बघत होते. विसाव्या शतकाच्या आरंभीच्या एका कार्डावर रस्त्याच्या कडेला सायकल घेतलेला माणूस आणि त्याच्या मागे चढावर उघडी पडलेली मुळं. तीच. व्हिन्सेंट राहत होता त्या खाणावळीपासून दीडशे मीटरवर. चित्रातल्या उन्हाच्या कलावरून तो २७ जुलैला संध्याकाळकडे झुकेपर्यंत काम करत असावा, असाही अंदाज बांधला गेला. म्हणजे गोळी झाडण्याच्या काही तास आधीपर्यंत.

वाटलं, चला, आता कावळ्यांची सुटका झाली. पण झालं भलतंच. मुळांचीही लगेच निरोपाची चिठ्ठी झाली. उखडलेली मुळं, जगण्याची धडपड, अखेरचा झगडा. याला आधारच नाही असंही नाही. हेगमध्ये असताना १८८२ मध्ये व्हिन्सेंटनं मुळांचं एक रेखाटन केलं होतं आणि त्यात जगण्याच्या झगड्यातलं काहीतरी आणायचं होतं, असं त्यानंच थिओला कळवलं होतं. पण त्या आठ वर्षांपूर्वीच्या वाक्यापेक्षा बोंगरचं वाक्य या चित्राच्या कितीतरी जवळचं आहे. ‘उन्हानं आणि जिवंतपणानं भरलेलं’ हे ज्यानं लिहिलं तो घरचा माणूस होता, काळ ओळखीचा होता, आणि त्याला कुठला माहितीपट संपवायचा नव्हता.

या वर्षी मी ‘झाडांची मुळं’ वर्गात काहीही न सांगता लावलं. नाव नाही, साल नाही, चित्रकार नाही. हेही दुपटीनं रुंद असल्यामुळे काळे पट्टे ठेवले आणि प्रोजेक्टर पुढे ओढून चित्र मोठं करून घेतलं. बराच वेळ कुणी काही बोललं नाही. मग एकानं विचारलं, उलटं लागलंय का? दुसरी म्हणाली, माणसांचे पाय आहेत. तिसऱ्याला कोकणातल्या त्याच्या घरामागची दरड दिसली, पावसात माती वाहून गेल्यावरची. खोडं निळी का, यावरून दोघांत जुंपली. एरवी मागच्या बाकावर पेंगणारा एक मुलगा उठून पडद्यापाशी गेला आणि डाव्या कोपऱ्यावर बोट ठेवून म्हणाला, “मॅडम, हे इथं झालेलंच नाहीये. इथं तो परत येणार होता.”

मी त्याला हो म्हटलं. तासाभरात त्यांनी त्या कोपऱ्यावरून रंग लावायचा क्रम शोधायचा प्रयत्न केला. काय आधी, काय वरून, कुठे ओला रंग ओल्यात मिसळला. प्रत कितीही चांगली असली तरी हे सगळं पडद्यावरून कळत नाही, पण अर्धं कळलं. तारीख मी सांगितली नाही. पुढच्या आठवड्यात सांगावी लागेल. सराव प्रश्नसंचात ‘व्हॅन गॉगचे अखेरचे चित्र कोणते?’ असा दोन गुणांचा प्रश्न आहे आणि अपेक्षित उत्तरात अजून कावळेच आहेत.